सराफ्यात आधी काय, शेवटी काय? इंदूरच्या खाद्यफेरीविषयी वाचकांचे प्रश्न

थंडीची सुट्टी जवळ आली की इंदूरला जाणाऱ्या वाचकांची पत्रं वाढतात. राजवाडा आणि सराफा या जुन्या वस्तीत गाइडसोबत पायी हिंडत खायचं, म्हणजे ज्याला आता सगळेच ‘फूड वॉक’ म्हणतात, त्याविषयीचे निवडक प्रश्न या वेळी घेतले आहेत.

प्रश्न : आम्ही चौघी मैत्रिणी डिसेंबरात इंदूरला जातोय. सराफा म्हणजे अखेर एक गल्ली. तिथे हिंडायला माणशी पैसे मोजून गाइड कशाला? (ठाणे)

उत्तर : रस्ता दाखवायला गाइड नकोच. राजवाड्यासमोर कुणालाही विचारा, तो बोट दाखवेल. गाइड लागतो निवडीसाठी. दागिन्यांची दुकानं रात्री आठ-साडेआठला शटर ओढतात आणि त्यांच्याच ओट्यांसमोर खाण्याच्या गाड्या लागतात. एकेक पदार्थ चार-पाच ठिकाणी मिळतो आणि सगळीकडे सारखा नसतो. शिवाय अलीकडे पेटतं पान, धूर सोडणारी बिस्किटं, मोमो, नूडल्स असं बरंच काही आलंय, जे ठाण्यातही मिळतं. नवखा माणूस पहिल्या पन्नास पावलांत दिसेल ते खाऊन पोट भरतो. मग भुट्ट्याचा (मक्याच्या कणसाचा) कीस, खोपरा पॅटिस, गराडू (तळलेला कंद) हे माळव्याचं खास खाणं राहूनच जातं.

पैसे भरण्याआधी चार गोष्टी विचारा. खाण्याचा खर्च रकमेत धरलाय की वेगळा? गटात किती जण? आठाच्या वर असतील तर नको म्हणा, कारण गाडीपुढे आठ माणसं उभी राहिली की गल्ली तुंबते, आणि मागच्यांना ना बनवणं दिसतं ना गाइडचं बोलणं ऐकू येतं. प्लेट माणशी एक की वाटून? वाटूनच हवी. आणि चौथा प्रश्न खरी परीक्षा घेणारा : “आज काय खाऊ घालणार नाही, आणि का?” जाणता गाइड लगेच सांगेल की जूनमध्ये गराडू नाही, मुगाचा हलवा थंडीतच, अमुक गाडीवर आज मुख्य कारागीर नाही. बाराही महिने तीच यादी वाचून दाखवणारा असेल, तर चौघी मिळून स्वतःच हिंडा.

गाइड मराठी बोलणारा हवा असेल तर तसं आधी सांगा. होळकरांमुळे इंदुरात मराठी घरं पिढ्यान्‌पिढ्या आहेत, त्यामुळे ही मागणी अवघड नाही. गाड्यांवर मात्र हिंदीच चालते.

प्रश्न : फेरी किती वाजता सुरू करावी? सहा वाजता हॉटेलात नाश्ता करून निघालो तर चालेल का? दाल-बाफले कुठल्या टप्प्यावर खायचे? (पुणे)

उत्तर : सहाचा नाश्ता रद्द करा. दुपारचं जेवण एकच्या आत आणि हलकं घ्या, नंतर फक्त चहा. सराफ्यात साडेआठला पोहोचलात तर अर्ध्या गाड्या अजून मांडामांड करत असतात, तेल नुकतं तापत असतं. साडेनऊ ते अकरा ही उत्तम वेळ. शनिवार-रविवारी दहानंतर धक्काबुक्की होते, म्हणून मंगळवार-बुधवार गाठता आला तर उत्तम. गल्ली मध्यरात्रीनंतरही जागी असते, पण उशिरा कढईतला माल तळाला आलेला असतो. गाड्यांची संख्या आणि वेळा यांवरून सराफ व्यापारी, विक्रेते आणि महापालिका यांच्यात चर्चा सुरू असतात, तेव्हा निघण्याआधी त्या आठवड्याची स्थिती विचारून घ्या.

साडेसात ते साडेनऊ हा वेळ वस्ती पाहण्यात घालवा. कृष्णपुरा भागातल्या होळकरांच्या छत्र्यांपासून (स्मारकांपासून) सुरुवात करून राजवाड्यापर्यंत चालत या. मल्हारराव होळकरांच्या काळात, 1747 च्या सुमारास सुरू झालेला हा सात मजली वाडा. खालचे तीन मजले दगडी, वरचे चार लाकडी. लाकडामुळेच तो आगीत सापडत आला, 1984 च्या आगीत तर मोठा भाग गेला आणि नंतर त्याची डागडुजी झाली. आतून पाहायचा तर दिवसा यावं लागतं, रात्री दर्शनी बाजू पुरेशी आहे. अहिल्याबाईंनी कारभार महेश्वरहून केला आणि 1818 मध्ये इंग्रजांशी झालेल्या मंदसौरच्या तहानंतर राजधानी इंदुरात आली. राजधानी आली की पेढ्या येतात, सराफ येतात. वाड्याच्या इतक्या जवळ सराफ बाजार का, हे तिथे उभं राहून आपोआप उमगतं. रात्री दुकानांपुढे वर्दळ राहावी, म्हणजे चोरीचं भय कमी, म्हणून सराफांनीच खाण्याच्या गाड्यांना जागा दिली असं तिथे सांगतात.

आता क्रम. सुरुवात वाफेच्या किंवा तव्यावरच्या मऊ पदार्थाने करा : भुट्ट्याचा कीस किंवा साबुदाण्याची खिचडी. मग तळलेलं : खोपरा पॅटिस, थंडी असेल तर गराडू. मग दहीवडा, तळलेल्यानंतर तो जिभेला थंडावा देतो. मग गोड, एकच निवडा : मालपुवा, मावाबाटी (खव्याची तळलेली मिठाई) किंवा जलेबा (भली मोठी जिलेबी). शेवटी शिकंजी. ही लिंबाची शिकंजी नव्हे. इंदुरी शिकंजी म्हणजे आटवलेलं दूध, त्यात घट्ट दह्याचा आंबूसपणा, केशर, वेलची, सुका मेवा. एक ग्लास म्हणजे अर्धं जेवण, म्हणून दोघांत एक. क्रम उलटा झाला, म्हणजे आधी जलेबा-रबडी घेतली, की तुपाने आणि साखरेने भूक तिथेच मरते आणि पुढचं सगळं बेचव लागतं. अडीच तासांत पाच, फार तर सहा पदार्थ. प्रत्येक ठिकाणी माणशी तीन-चार घास. यापेक्षा जास्त कबूल करणारी फेरी पोटाचा विचार केलेली नसते.

दाल-बाफले फेरीत बसतच नाहीत. जाडसर कणकेचे गोळे आधी पाण्यात उकडायचे, मग निखाऱ्यावर किंवा भट्टीत भाजायचे आणि तुपात बुडवायचे, हा बाफला. दोन खाल्ले की माणूस चालत नाही, लवंडतो. ते दुसऱ्या दिवशी दुपारी, बसून, पुढे काही काम नसताना. सकाळी मात्र पोहे-जिलेबी घ्याच, आणि पोहे उकळत्या पाण्याच्या भांड्यावर ठेवलेल्या परातीतलेच घ्या. त्या वाफेमुळे ते तासभर मऊ राहतात. वर शेव, बडीशेपेची चव आणि जीरावन हा इंदुरी मसाला.

प्रश्न : भुट्ट्याचा कीस मी घरी दोनदा केला, दोन्ही वेळा पिठल्यासारखा चिकट झाला. गाडीवरचा मोकळा कसा राहतो? आणि गाडीवर चांगला कीस ओळखायचा कसा? (नागपूर)

उत्तर : चिकटपणाचं मूळ बहुतेक वेळा कणसात असतं. जून झालेल्या दाण्यात पिठूळपणा वाढतो, दूध पडलं की खळ तयार होते. नखाने दाणा दाबल्यावर पांढरा रस उडाला पाहिजे. नुसतं पीठ निघालं तर ते कणीस भाजून खा, किसू नका. स्वीट कॉर्नचा कीस होतो, पण तो फार गोड आणि पाणीदार. निम्मी देशी कणसं मिसळली तर बरा लागतो.

दुसरी चूक घाईची. चार मध्यम कणसं किसणीच्या मोठ्या भोकांवर किसा. मिक्सर नको, त्याने लगदा होतो. लोखंडी किंवा जाड बुडाच्या कढईत दोन मोठे चमचे तूप, त्यात मोहरी, जिरं, पाव चमचा हिंग, दोन-तीन हिरव्या मिरच्या, हळद हवी तर चिमूट. कीस घालून मध्यम आचेवर आठ-दहा मिनिटं परता, तळाला लागेल तो खरवडून परत मिसळत राहा. रंग गडद होतो, कच्चा वास जातो आणि कडेला तूप दिसू लागतं. दूध त्यानंतरच. एक कप दूध गरम करून तीन वेळा थोडं थोडं घाला, आधीचं आटल्याशिवाय पुढचं नको. परतण्याआधी दूध घातलं तर कीस शिजतो, पण भाजला जात नाही, आणि तेच तुमचं पिठलं. मीठ आणि अर्धा चमचा साखर शेवटी. लिंबू गॅस बंद केल्यावर, नाहीतर दूध फाटून दाणे दाणे होतात. वर ओलं खोबरं आणि कोथिंबीर.

गाडीवर हेच बघा. मोठ्या कढईत कीस कडेला रचलेला असतो आणि मधे थोडा थोडा ओढून गरम केला जातो. कडेला तूप सुटलेलं दिसतंय, उलथन्यावर कीस लोंबत नाही, पडतो, तर घ्या. वर साय धरल्यासारखा सुकलेला थर असेल तर पुढचा घाणा होईपर्यंत पाच मिनिटं थांबा. तेवढ्यात परतणं नीट पाहून घ्या, पाककृती वाचून जे कळत नाही ते त्या हातात दिसतं.

प्रश्न : आईचा गुरुवार असतो. सराफ्यातली साबुदाण्याची खिचडी तिला चालेल का? (नाशिक)

उत्तर : पदार्थ उपवासाचा आहे, मांडणी प्रत्येक ठिकाणी उपवासाची असेलच असं नाही. आपली खिचडी तूप-जिऱ्याच्या फोडणीत परततात. तिथे भिजवलेला साबुदाणा उकळत्या पाण्याच्या भांड्यावर, वाफेवर गरम ठेवलेला असतो. गिऱ्हाईक आलं की तेवढ्यापुरता साबुदाणा वाडग्यात घेऊन त्यात दाण्याचं कूट, सैंधव, मिरची, कोथिंबीर, लिंबू घालून चमच्याने झटपट कालवतात आणि वर बटाट्याच्या सळ्यांचा फरियाली (उपवासाचा) चिवडा टाकतात. त्यामुळे ती तेलकट नसते आणि साबुदाणा सुटा राहतो.

तीन गोष्टी विचारा. मीठ सैंधवच ना? वरचा चिवडा फरियालीच ना, की बेसनाची शेव? आणि मसाला कोणता? जीरावनमध्ये जिऱ्याबरोबर धणे, बडीशेप, हिंग, हळद असं बरंच असतं, आणि बाजारी हिंगात बहुधा गव्हाचं पीठ मिसळलेलं असतं. काही घरांत धणे-हळदही उपवासाला चालत नाहीत. “फरियाली, जीरावन मत डालना” एवढं आधीच सांगितलं की ते नुसतं मीठ-मिरची-लिंबावर कालवून देतात. कोथिंबीर चालत नसेल तर तेही त्याच वेळी. आईंना नुसतीच खिचडी नको असेल तर रबडी किंवा खव्याची मिठाई आहे, पण मावाबाटी आणि गुलाबजामात मैदा असू शकतो, तेव्हा तिथेही विचारूनच.

प्रश्न : वडील अडुसष्ट वर्षांचे, मधुमेह आणि रक्तदाब दोन्ही. त्यांना फेरीला न्यावं का? गुडघेही कुरकुरतात. (सातारा)

उत्तर : न्या, पण फेरी त्यांच्या वेळापत्रकावर बेता. मधुमेहाच्या माणसाचं जेवण रात्री दहापर्यंत लांबवणं हाच मोठा धोका, मिठाई नंतरची गोष्ट. साखर उतरवणाऱ्या गोळ्या किंवा इन्सुलिन चालू असेल, तर उशिरा खाण्याच्या दिवशी मात्रा कशी घ्यायची हे त्यांच्या डॉक्टरांना आधी विचारा, स्वतः बदल करू नका. खिशात साखरेची पुडी असू द्या. साडेआठलाच पोहोचा आणि गर्दी वाढायच्या आत परता.

सराफ्यात साखर नसलेलं फार थोडं आहे. दहीवड्याचं दहीही गोडसर असतं. जोशींच्या दहीवड्याच्या दुकानात तो भरलेला दोना हवेत उडवून झेलतात आणि मग चिमटीने एकेक मसाला वेगळा भुरभुरतात, ते पाहण्याचा आनंद वडिलांना द्या आणि अर्धा वडा खाऊ घाला. खोपरा पॅटिसमध्ये बटाट्याच्या आवरणात ओल्या नारळाचं सारण असतं, गोड चटणी न घेता अर्धं चालेल. कीस दोन-तीन चमचे. जलेबा एकच पाव किलोच्या पुढे भरतो, त्याचा एक तुकडा तोंडात टाकायचा की नाही हे त्यांनीच ठरवावं. रक्तदाबासाठी शेव, जीरावन आणि काळं मीठ वरून घालू नका असं सांगा, खारटपणा तिथूनच येतो.

बसायला जागा जवळपास नाही. ओट्याच्या पायऱ्या मिळाल्या तर नशीब. घडीचं हलकं स्टूल न्या, आणि छत्र्यांपासूनची चाल वगळून राजवाड्यापर्यंत रिक्षाने या. चाकाची खुर्ची रात्री दहानंतर गल्लीतून निघत नाही.

प्रश्न : मागच्या खेपेला दुसऱ्या दिवशी पोट बिघडलं. कुठल्या पदार्थाने, हे कसं ओळखायचं? या वेळी काय टाळू? (कोल्हापूर)

उत्तर : शेवटी खाल्लं त्यावर संशय घेण्याची आपली सवय बहुतेक वेळा चुकीची ठरते. उलट्या एक ते सहा तासांत सुरू झाल्या तर तासन्‌तास कोमट राहिलेल्या पदार्थातलं विष हे एक कारण असू शकतं. जुलाब मात्र सहा तासांपासून दोन-तीन दिवसांपर्यंत कधीही लागतात, म्हणजे गुन्हेगार आदल्या दिवसाचा रेल्वेतला नाश्ताही असू शकतो. आणि पुष्कळदा जंतू नसतातच. तूप, तळण, मावा, आटवलेलं दूध दोन तासांत पोटात गेलं की ते पोटातून लवकर पुढे सरकत नाही, म्हणून मळमळ आणि ढेकरा. त्यावर औषध एकच, पदार्थ कमी.

कढईतून थेट दोन्यात येणारं गरम खाणं सगळ्यांत निर्धोक. लक्ष ठेवायचं ते न शिजवता वरून पडणाऱ्या गोष्टींवर : हिरवी चटणी, पातळ केलेली चिंचेची चटणी, बर्फाचा चुरा, कापून ठेवलेला कांदा-कोथिंबीर. पातेलं बर्फावर किंवा झाकलेलं आहे का पाहा. चटणीचं पातेलं उघडं आणि त्यात ओलाच डाव वारंवार बुडतोय, तर चटणी नको म्हणा, पॅटिस नुसतंही छान लागतं. तळणीचं तेल काळं पडून फेसाळत असेल तर पुढे चला. पाणी आपलं. गर्दीची गाडी बरी, कारण माल पडून राहत नाही, पण पैसे घेणाराच त्या हाताने वाढतोय का तेही बघा.

पोट बिघडलंच तर ओआरएसची पुडी पाकिटावर लिहिलेल्या मापानेच कालवा, बहुतेक पुड्या एक लिटरच्या असतात. पुडी नसेल तर एक लिटर उकळून गार केलेल्या पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ, चहाच्या चमच्याने. ताप, शौचात रक्त किंवा लघवी कमी होणं दिसलं तर घरगुती उपाय थांबवून डॉक्टर गाठा.

प्रश्न : आम्ही जैन आहोत. कंद चालत नाहीत. फेरी व्यर्थ जाईल का? (सांगली)

उत्तर : मुळीच नाही. सराफ्यातलं खाणं शाकाहारी आहे आणि इंदुरात जैन वस्ती मोठी, त्यामुळे विक्रेत्यांना विचारण्याची सवय आहे. गराडू, बटाट्याचं पॅटिस, फरियाली चिवडा बाद. कीस (आलं नाही ना विचारून), दहीवडा, मालपुवा, शिकंजी उरतात. सूर्यास्तापूर्वी जेवणाऱ्यांसाठी सराफा नाही, त्यांनी सकाळची पोहे-जिलेबीची फेरी घ्यावी, कांदा वगळून. कापड बाजार आणि काचमंदिर (काचेने मढवलेलं जैन मंदिर) हेही दिवसाच पाहता येतं.

प्रश्न : रंगपंचमीला इंदुरात असू. त्या दिवशी फेरी जमेल? (छत्रपती संभाजीनगर)

उत्तर : दिवसा नाही. त्या दिवशी राजवाडा परिसरात गेर, म्हणजे रंग उधळणारी मिरवणूक, निघते आणि तिथे पाय ठेवायला जागा नसते, पाण्याच्या तोफांनी सगळं रंगून निघतं. होळकरांच्या काळापासूनची म्हणून सांगितली जाणारी ही परंपरा मुद्दाम पाहावी, पण तेव्हा खाण्याचा बेत नको. अनंत चतुर्दशीच्या रात्री झांक्यांची (चित्ररथांची) मिरवणूकही याच भागातून जाते. फेरी दोन दिवस पुढे ढकला.

प्रश्न : परत येताना काय आणावं? कच्चा गराडू घरी तळता येईल का? (डोंबिवली)

उत्तर : जीरावन आणा, पण मोठं पाकीट नको. दळलेल्या मसाल्याचा वास उघडल्यावर दोन-अडीच महिन्यांत उतरतो. शंभर ग्रॅमच्या दोन पुड्या घ्या, एक फ्रीजमध्ये. शेव-नमकीन सुटं घेत असाल तर कधी तळलं ते विचारा आणि एक काडी चाखा, तेलाचा खवट वास पहिल्या घासालाच कळतो. मावाबाटी प्रवासात नको.

गराडू थंडीत भाजीबाजारात मिळतो. कोनफळाच्या जातकुळीतला हा कंद आठ-दहा दिवस सहज टिकतो, फक्त प्लास्टिकच्या पिशवीत कोंडू नका. सोलताना हाताला खाज सुटते, कारण त्यात सुईसारखे बारीक स्फटिक असतात. हातांना तेल चोळून, साल जाड काढा. दोन सेंटिमीटरचे तुकडे मिठाच्या पाण्यात टाका आणि मग उकडा, सुरी शिरताना किंचित अडली पाहिजे. जास्त उकडले तर तळताना कढईत फुटतात. कपड्यावर पसरून पूर्ण कोरडे करा, नाहीतर तेल अंगावर उडेल. पहिलं तळण मध्यम आचेवर, फिकट बदामी होईपर्यंत. काढून दहा मिनिटं गार होऊ द्या. दुसरं तळण मोठ्या आचेवर दोन मिनिटं, कडा करकरीत होण्यासाठी. एकदाच तळलेला गराडू बाहेरून लाल आणि आतून चिवट राहतो. मीठ, जीरावन आणि लिंबू तेलातून काढल्या काढल्या, तुकडे गरम असतानाच, म्हणजे मसाला धरून राहतो.